कळा सुरू झाल्यावर बाईजवळ कोण? खानदेशासाठी मिडवाईफ, डूला आणि आपली दाई

गिरणाकाठ (धागाकर्ता)

जळगाव-धुळ्यात गर्भसंस्काराचे वर्ग गल्लोगल्ली आहेत. डोहाळजेवणाला चंद्राची कमान भाड्याने मिळते, बारशाला हॉल मिळतो. मात्र कळा सुरू झाल्या की बाई लेबर रूममध्ये जाते, दार लागतं आणि आई-सासू बाहेर बाकड्यावर बसतात. आत एका सिस्टरच्या वाट्याला दोन-तीन खाटा. वाईट वागायची कुणाची इच्छा नसली तरी सहा-आठ तास त्या बाईचा हात धरायला कुणाला वेळ नसतो.

माझं मत थोडक्यात: जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांतल्या मोठ्या सरकारी रुग्णालयांत बिनधोक बाळंतपणांसाठी मिडवाईफने चालवलेली वेगळी खोली हवी. सरकारी असो की खाजगी, प्रत्येक लेबर रूममध्ये बाईच्या पसंतीची एक सोबतीण आत हवी. आणि ज्या दायांना आपण 'घरी बाळंतपण करू नका' एवढंच सांगून घरी बसवलं, त्यांना हे सोबतिणीचं काम मानधन देऊन द्यावं.

प्रश्न असे: मागणी कुणाकडे करायची, कोणत्या शब्दांत, आणि डॉक्टर मंडळींच्या खऱ्या हरकती काय आहेत? भावनेपेक्षा तपशील लिहा ही विनंती.

---

शेवभाजी_जादा_तर्री

डूला म्हणजे काय भो? झुला ऐकला, दुलई ऐकली. मंग आपली दाई काय वाईट शे?

---

रात्रपाळी

तिघी वेगळ्या. आधीच मांडते, नाहीतर धागा शंभर प्रतिसादांपर्यंत याच गोंधळात जाईल.

मिडवाईफ वैद्यकीय काम करते. तपासणी, बाळाचे ठोके, प्रसूती, टाके, रक्तस्राव झाला तर पहिलं इंजेक्शन, धोका दिसला तर वेळेत पुढे पाठवणं. जीएनएम किंवा बी.एस्सी. नर्सिंग झालेल्या सिस्टरची नोंदणी 'नर्स आणि मिडवाईफ' अशीच असते, पण ड्युटी आज लेबर रूमला, उद्या मेडिसिन वॉर्डला. हात बसायला वेळच मिळत नाही. म्हणून केंद्र सरकारच्या २०१८ च्या मार्गदर्शक तत्त्वांत वेगळं पद आलं: नर्स प्रॅक्टिशनर इन मिडवाइफरी. नोंदणीकृत परिचारिकेला १८ महिन्यांचं प्रशिक्षण, त्यात १२ महिने निवासी शिक्षण आणि ६ महिने प्रत्यक्ष काम. तेलंगणाने त्याच्याही आधी, २०१७ मध्ये करीमनगरला ३० परिचारिकांची पहिली तुकडी बसवली होती.

डूला वैद्यकीय काहीच करत नाही. सुई नाही, आतली तपासणी नाही, औषध नाही. ती फक्त बाईजवळ असते, आणि सलग असते. शब्द ग्रीक, मूळ अर्थ दासी. आपल्याकडे डूलांची सरकारी नोंदणी नाही. खाजगी संस्था प्रमाणपत्रं देतात, त्यावरून तिला वैद्यकीय अधिकार मिळत नाही.

दाई म्हणजे परंपरेने शिकलेली. पूर्वी ती ही दोन्ही कामं करायची. वैद्यकीय काम तिच्याकडून काढून घेतलं हे योग्यच झालं, पण त्या गडबडीत सोबतीचं कामही गेलं. धागाकर्त्याचा तिसरा मुद्दा मला म्हणून सगळ्यात पटला.

पुराव्याचं म्हणाल तर सलग सोबतीवरचा कॉक्रेनचा (जगभरचे अभ्यास एकत्र तपासणारी संस्था) २०१७ चा आढावा आहे. २६ अभ्यास, १५ हजारांवर बायका. सोबत असलेल्यांत सीझर सुमारे पाव हिश्श्याने कमी, कळांचा काळ साधारण ४० मिनिटांनी कमी, बाळंतपणाबद्दल वाईट भावना कमी. बाळाला अपाय आढळला नाही. औषध म्हणून हे कुणी बाटलीत विकलं असतं तर प्रत्येक दवाखान्यात पोस्टर लागलं असतं.

---

तापीकाठ

मी दुसऱ्या, म्हणजे डॉक्टरांच्या बाजूने लिहितो, कारण हरकती विचारल्यात.

पहिली हरकत निवडीची. मिडवाईफच्या खोलीत कोण चालेल याची रेघ कडक हवी. ३७ ते ४२ आठवडे, एकच बाळ, डोकं खाली, कळा आपोआप सुरू झालेल्या. मागचं सीझर असेल तर नाही. बीपी १४०/९० किंवा वर, नाही. जुळं, पायाळू, वार खाली असणं, गरोदरपणात अंगावरून रक्त गेलेलं, नाही. एचबी ७ च्या खाली म्हणजे तीव्र रक्तक्षय, ती बाई रक्त उपलब्ध असेल तिथेच हवी. आपल्या भागात ७ ते ९.९ मधल्या बायका भरपूर सापडतात, आणि तिथेच खरी कसोटी आहे. निरोगी बाई ५०० मिली रक्तस्राव झेलते, एचबी ८ वाली तेवढ्यातच कोसळते.

दुसरी अंतराची. मिडवाईफची खोली ऑपरेशन थिएटर असलेल्या इमारतीत हवी. वेगळ्या बंगल्यात नाही, दहा किलोमीटरवर तर नाहीच.

तिसरी जबाबदारीची. खोली मिडवाईफची, पण काही बिघडलं तर नातेवाईक कुणाच्या टेबलावर हात आपटणार? मिडवाईफने कधी बोलवायचं आणि डॉक्टरने किती मिनिटांत यायचं हे लेखी नसेल तर तिसऱ्याच आठवड्यात खोलीला कुलूप लागेल.

सोबतिणीला मात्र माझा विरोध नाही. फक्त तिने 'डॉक्टर, ड्रिप लावू नका' असं सांगायला सुरुवात केली की मी तिला बाहेर बसवेन.

---

केळीचा_घड

+१ तापीकाठ. विशेषतः शेवटचं वाक्य.

---

रात्रपाळी

@तापीकाठ, तिन्ही हरकती मान्य. २०१८ च्या तत्त्वांतही मिडवाईफची खोली मोठ्या रुग्णालयाच्या आतच धरली आहे, म्हणजे दुसरी हरकत आपोआप मिटते. पहिलीत एक भर: रेघ दाखल होतानाच मारून चालत नाही, दर तासाला पुन्हा मारावी लागते. बाळाचे ठोके पहिल्या टप्प्यात दर १५ ते ३० मिनिटांनी आणि जोर लावताना दर ५ मिनिटांनी ऐकायचे, तेही कळ ओसरतानाचे आणि त्यानंतरचे, पूर्ण एक मिनिट. ११० ते १६० ठीक. पाणी हिरवट आलं, ठोके घसरून सावरेनात, ताप आला, बीपी चढलं, रक्त गेलं, की खोली बदलायची. त्यात मिडवाईफचा कमीपणा नाही, तेच तिचं काम.

आणि घाई दोन्हीकडून होते. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१८ च्या शिफारशींत जोमाच्या कळा गर्भाशयाचं तोंड ५ सेंटीमीटर उघडल्यापासून धरल्या आहेत. पुढे पहिलटकरणीला सहसा १२ तासांपर्यंत, नंतरच्या खेपांना १० तासांपर्यंत लागू शकतात. 'दर तासाला एक सेंटीमीटर' हा जुना हिशोब बऱ्याच निरोगी बायकांना लागू पडत नाही. ३ सेंटीमीटरला दाखल करायचं, ५ ला पोचली नाही म्हणून ड्रिप, ड्रिपने ठोके घसरले म्हणून सीझर, ही साखळी सगळ्यांना ठाऊक आहे.

---

वरणगाव_फाटा

आणि बाळंतपण उरकल्यावर एका बैठकीत भरलेला पार्टोग्राफ (कळांच्या प्रगतीचा तक्ता)! सगळे ठिपके एका रेषेत, एकाच पेनाने. हलके घ्या.

---

सातपुड्यापलीकडे

वरची चर्चा सपाटीवरची आहे. नंदुरबारच्या धडगाव-अक्कलकुव्यात गणित वेगळं.

पाडे विखुरलेले, रस्ता जिथे संपतो तिथून बाईला बांबूच्या झोळीत घालून आणायचं. सरदार सरोवराच्या फुगवट्याकाठच्या गावांना तर बोटच. तिथे 'रुग्णालयाच्या आत मिडवाईफची खोली' ही मागणी निम्मीच. उरलेली निम्मी अशी की बाई कळा सुरू होण्याआधीच खाली पोचली पाहिजे. त्यासाठी प्राथमिक आरोग्य केंद्राजवळ माहेरघर आहे. तारखेच्या काही दिवस आधी येऊन राहायचं, सोबत एक नातेवाईक आणि लहान मूल चालतं, जेवण आणि बुडालेल्या मजुरीची भरपाई अशी योजना आहे. ती ओस का पडते ते बघा. मागे घरी शेळ्या-कोंबड्या आणि बाकीची मुलं. माहेरघरात पंखा, पाणी, संडास धड नाही. मजुरीचा पैसा उशिरा. आणि तिथली भाषा मराठी, बाईची पावरी किंवा भिली. यातलं शेवटचं दुखणं दाईच दूर करू शकते. पाड्यावरची दाई बाईबरोबर माहेरघरात आली, तिथून लेबर रूममध्ये आत गेली, तर सिस्टरचं बोलणं बाईला कळतं आणि बाईचं सिस्टरला. डूला म्हणा, दुभाषी म्हणा.

दुसरं, या पट्ट्यात अनेक बायका उकिडवं बसून, गुडघ्यावर टेकून किंवा वरून बांधलेला दोर धरून बाळंत होत आल्या आहेत. त्यांना टेबलावर उताणं झोपवून पाय अडकवले की त्या घाबरतात आणि पुढच्या खेपेला येतच नाहीत. उताण्या स्थितीत गर्भाशयाचा भार मोठ्या रक्तवाहिन्यांवर येतो, बाईला गरगरतं, बाळाकडे जाणारं रक्तही घटू शकतं. म्हणजे बाईचा आग्रह शास्त्राला धरूनच आहे. जमिनीवर जाड गादी, वर धुता येईल असं रेक्झिन आणि भिंतीला पक्का बसवलेला गज, एवढ्यावर काम भागतं.

तिसरं सिकलसेल, म्हणजे रक्तपेशींचा आनुवंशिक आजार. भिल्ल-पावरा समाजात प्रमाण जास्त. सोल्युबिलिटी चाचणी 'पॉझिटिव्ह' आली एवढ्यावर थांबू नका. पुढची इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी झाली की कळतं वाहक (एएस) आहे की रुग्ण (एसएस). वाहक बाई सहसा इतरांसारखी बाळंत होते. एसएस असेल तर रक्ताची सोय असलेल्या मोठ्या रुग्णालयातच. तिला पाणी कमी पडू द्यायचं नाही, थंडी वाजू द्यायची नाही, आणि शरीरातलं लोह तपासल्याशिवाय लोहाचा मारा करायचा नाही.

---

गिरणाकाठ

@सातपुड्यापलीकडे, माहेरघराचा मुद्दा मूळ मागणीत घालतो.

---

अजिंठ्याची_आत्या

थोडं अवांतर. दाईला आत घ्या म्हणताय, पण तिच्याबरोबर राख, हळद, शेण, मध आणि घुट्टी पण आत येणार का? पोटावर गुडघा देऊन जोर काढणाऱ्या दायाही आहेत. त्याचं काय?

---

रात्रपाळी

आत्या, पोटावर वरून दाब देणं दवाखान्यांतही चालतं हो! फक्त तिथे गुडघ्याऐवजी कोपर असतं. दोन्हीकडे बंद व्हायला हवं. त्यात गर्भाशय फाटण्याचा, बाळाला आणि बाईच्या मायांगाला इजा होण्याचा धोका आहे. जागतिक आरोग्य संघटनेने तसं न करण्याचं स्पष्ट सांगितलंय. तसंच सरसकट छेद घेणं, सरसकट एनिमा देणं, केस काढणं.

नाळेला काहीही लावायचं नाही, कोरडी ठेवायची. कापायची घाई नको, किमान एक मिनिट थांबायचं, म्हणजे वारेतलं रक्त बाळाला मिळतं. आपल्याकडच्या रक्तक्षयी आयांच्या बाळांना ते लोह फार मोलाचं. बाळ पुसून आईच्या उघड्या छातीवर, वर कापड, पहिला तास तिथेच. मध, घुट्टी, साखरपाणी काही नाही.

दाईला हे शिकवायला दोन दिवस पुरतात. तिला सुई-औषध शिकवायचंच नाहीये.

---

अजिंठ्याची_आत्या

आणि शेगडी? सव्वा महिना खोली बंद, ओवा-बाळंतशोपाची धुरी, बाजेखाली निखारे. मे महिन्यात, भुसावळला.

---

भरीत_पार्टी

मे महिन्यात भुसावळला निखारे बाजेखाली ठेवायची गरज नाही, बाज अंगणात ठेवा.

---

तापीकाठ

हसू आलं तरी प्रकार गंभीर आहे. बंद खोलीतल्या धुराने नवजात बाळाचा श्वास अडतो, निखाऱ्यांतून कार्बन मोनॉक्साइड येतो. उन्हाळ्यात गुंडाळलेल्या बाळाचं अंग तापतं, लघवी कमी होते, आणि 'बाळ सुस्त आहे' हे दोन दिवसांनी लक्षात येतं. २४ तासांत सहा वेळा तरी लघवी होतेय का हे पहिल्या आठवड्यानंतर बघायचं. शेक हवाच असेल तर बाईच्या कमरेला गरम पाण्याची पिशवी द्या. सीझरच्या टाक्यावर शेक नाही.

डिंकाचे लाडू, अळीव, बाजरीची भाकरी, शेपू, मेथी यांना हरकत नाही. हरकत आहे ती पाणी तोडण्याला. 'पाणी प्यायली तर पोट सुटतं' हे डोक्यातून काढा. दूध पाण्यावरच येतं.

---

शेवभाजी_जादा_तर्री

म्हणजे शेवभाजी सव्वा महिन्यानंतर. नोंद घेतली.

---

कापूसवेचणी

मूळ प्रश्नाकडे येते. सोबतिणीने आत जाऊन करायचं काय, हे कुणीच नीट लिहिलं नाही. 'धीर द्यायचा' म्हणजे काय? धीर हे काही काम नाही.

---

रात्रपाळी

बरोबर. वेळेप्रमाणे लिहिते.

घरी, कळा विरळ असताना: बाईला जेवू द्या. वरणभात, खिचडी, केळं. झोप लागली तर झोपू द्या, उठवून चालवू नका. दोन कळांमधलं अंतर घड्याळाने मोजा, एका कळेच्या सुरुवातीपासून पुढच्या कळेच्या सुरुवातीपर्यंत. पहिलटकरणीला तासभर सलग दर पाच मिनिटांनी मिनिटभर टिकणारी कळ आली की निघा. दुसऱ्या-तिसऱ्या खेपेला एवढी वाट बघू नका. वाट लांबची असेल तर हा हिशोबच सोडा आणि पहिल्या नियमित कळेला निघा. पाणी गेलं, रक्त गेलं, बाळ हलेना, डोकं दुखून डोळ्यांपुढे अंधारी आली तर कळा नसल्या तरी निघा.

आत गेल्यावर: दर दोन तासांनी लघवीची आठवण. भरलेली मूत्रपिशवी डोक्याची वाट अडवते आणि नंतर रक्तस्रावही वाढवते. दर अर्ध्या तासाला दोन घोट पाणी, लिंबू-साखर-मीठ किंवा पेज, डॉक्टरांनी पोट रिकामं ठेवायला सांगितलं नसेल तर. दर अर्ध्या-पाऊण तासाला स्थिती बदलायची. चालणं, भिंतीला हात टेकून पुढे वाकणं, चार पायांवर, डाव्या कुशीवर. बाळाची पाठ आईच्या पाठीकडे असली की कंबर फार दुखते. तेव्हा माकडहाडाच्या वरच्या सपाट हाडावर तळहाताच्या टाचेने कळ असेपर्यंत पक्का, एकसारखा दाब द्यायचा. चोळायचं नाही, दाबून धरायचं. कळ संपली की हात काढायचा. खांदे वर गेले असतील तर हलकेच खाली दाबायचे. श्वास सोडताना लांब आवाज काढू द्यायचा. तोंडात पदर कोंबू नये, कोंबू देऊ नये.

सिस्टर काही सांगून गेली तर तेच साध्या शब्दांत पुन्हा सांगायचं. बाईला काही विचारायचं असेल तर विचारायला मदत करायची, तिच्या वतीने नकार द्यायचा नाही. (तापीकाठांचं वाक्य इथे लागू.)

बाळ आल्यावर: बाईला एकटं सोडायचं नाही. पहिल्या दोन तासांत सगळ्यात जास्त जीव जातात ते रक्तस्रावाने. पॅड पाच मिनिटांच्या आत भिजलं तर ओरडून सिस्टरला बोलवा. 'थोडं जातंच' असं म्हणणाऱ्याकडे लक्ष देऊ नका.

---

वरणगाव_फाटा

वाचनखूण साठवली.

---

सातपुड्यापलीकडे

रक्तस्रावावरून आठवलं, ऑक्सिटोसिनच्या फ्रीजबद्दल कुणी बोललंच नाही. बाळ जन्मल्यावर एका मिनिटात मांडीत १० युनिट ऑक्सिटोसिन (पोटात दुसरं बाळ नाही हे बघून), हा रक्तस्राव टाळायचा पहिला उपाय. ते २ ते ८ अंशांत ठेवायचं. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पारा ४५ च्या आसपास, आणि उपकेंद्रातली लाईट दुपारी जाते. ट्रेमध्ये सकाळीच काढून ठेवलेल्या अँप्यूलची ताकद उतरते, दिसायला मात्र ती तशीच स्वच्छ दिसते. मग इंजेक्शन देऊनही गर्भाशय सैलच राहतं, आणि ठपका 'बाईची प्रकृती'वर. उपाय साधे आहेत. लसींच्या आइसलाइन्ड रेफ्रिजरेटरमध्ये ऑक्सिटोसिनचा वेगळा, नाव लिहिलेला डबा. लेबर रूममध्ये लागेल तेवढंच, तेही छोट्या थंड पेटीत. वापर तारखेप्रमाणे. थंडीची सोय नसेल तिथे मिसोप्रोस्टॉल ६०० मायक्रोग्रॅम तोंडाने. गोळीला फ्रीज नको, पण दमट हवा चालत नाही, म्हणून पाकिटातून आधी काढून ठेवायची नाही. उष्णतेत टिकणारं कार्बेटोसिनही आहे, मागणी करायची तर तेही नावानिशी लिहा.

मिडवाईफ मागताना फ्रीजही मागा. नाहीतर १८ महिने शिकलेली बाई कोमट इंजेक्शन घेऊन उभी राहील.

---

शेवभाजी_जादा_तर्री

बठ्ठं बरोबर शे, पन फ्रीजले लाईट कोन दी?

---

सातपुड्यापलीकडे

सोलर. लसींसाठी अनेक ठिकाणी आहेच.

---

तापीकाठ

आता ऑक्सिटोसिनची काळी बाजू. म्हशीला पान्हा यावा म्हणून गैरवापर होणारं हेच इंजेक्शन गावातले काही जण 'कळा वाढवायला' बाळ पोटात असतानाच मांडीत टोचतात. तेव्हा हे कधीच द्यायचं नाही. कळांचा जोर आवरता येत नाही, गर्भाशय फाटतं, बाळ गुदमरतं. मागचं सीझर असेल तर धोका आणखी मोठा. कळा वाढवायच्या तर ड्रिपमधून, थेंब मोजत, ठोके ऐकत, थिएटर असलेल्या जागी. धाग्याचा शेवट काहीही होवो, दायांच्या प्रशिक्षणात हे पहिलं वाक्य ठेवा: बाळ बाहेर यायच्या आधी कुणी सुई काढली तर बाईला उचला आणि निघा.

बीपी चढून येणाऱ्या झटक्यांचंही सांगून ठेवतो, एएनएम (उपकेंद्रातल्या परिचारिका) वाचत असतील तर. मॅग्नेशियम सल्फेट ५० टक्के, २ मिलीच्या १० अँप्यूल, म्हणजे १० ग्रॅम. प्रत्येक कुल्ल्यात ५ ग्रॅम, खोल. पहिला डोस देऊन लगेच १०८ ने पाठवायचं. डोस न देता पाठवणं हीच चूक जास्त घडते.

---

माहेरवाशीण_पाचोरा

एक अडचण कुणी धरली नाही. आपल्याकडे पहिलं बाळंतपण माहेरी. नऊ महिने तपासणी सासरच्या गावात, आणि शेवटच्या पंधरा दिवसांत बाई दुसऱ्या तालुक्यात, कधी सुरतेला. मिडवाईफचा फायदा ओळखीतून येतो, ती ओळख कशी होणार? आशाताईचंही तसंच. ग्रामीण भागात जननी सुरक्षा योजनेत तिला ६०० रुपये मिळतात, त्यात ३०० तपासण्यांसाठी आणि ३०० दवाखान्यात नेण्यासाठी. बाई गाव बदलते तेव्हा हे दोन तुकडे दोन गावांत पडतात आणि सोबत कुणाचीच राहत नाही. ऊसतोडीला किंवा गुजरातकडे मजुरीला गेलेल्या बायकांचं तर विचारूच नका.

---

रात्रपाळी

खरी अडचण. वाट निघते ती अशी: जायचंच असेल तर ३४ व्या आठवड्याच्या आत जा, म्हणजे माहेरच्या गावात दोन-तीन तपासण्या होतात. माता-बाल संरक्षण कार्ड बरोबर हवंच, त्यावर आरसीएच क्रमांक (गरोदरपणाच्या सरकारी नोंदणीचा), रक्तगट, शेवटचं एचबी आणि सिकलसेलचा निकाल भरलेला. कार्डाचा फोटो दोन्हीकडच्या आशाताईंकडे. प्रधानमंत्री सुरक्षित मातृत्व अभियानात दर महिन्याच्या ९ तारखेला तपासणी असते. माहेरच्या गावातली एक ९ तारीख गाठली की तिथल्या डॉक्टरांना बाई माहीत होते. सोबतीण मात्र माहेरचीच ठरवा, आईला कळा बघवत नसतील तर काकू किंवा मावशी.

---

केळीचा_घड

आणि नवरा? त्याचं नावच नाही कुठे. तो बाहेर पेढे घेऊन उभा का?

---

कापूसवेचणी

केंद्राच्या २०१६ च्या सूचनेत सोबतीण बाई असावी, शक्यतो स्वतः बाळंत झालेली, असं आहे. तिला संसर्गजन्य आजार नको, कपडे स्वच्छ हवेत, तिने शेवटपर्यंत थांबायला हवं. कर्मचाऱ्यांच्या कामात ढवळाढवळ नाही, दुसऱ्या बाईकडे जायचं नाही. नवऱ्याला परवानगी आहे ती आडोसा पाळला जातो अशा ठिकाणी. म्हणून सगळं घोडं पडद्यापाशी अडतं. दोन खाटांमध्ये छतापासून लोंबणारे धुता येणारे पडदे, खोलीत जाताना चपला आणि गाऊनची सोय. खर्च एका मिरवणुकीच्या डीजेएवढाही नाही.

---

तालुका_टपाल

आता अर्जाचं. मागणी 'मिडवाईफ द्या' अशी मोघम लिहाल तर फाईलवर 'धोरणात्मक बाब' असा शेरा पडेल. असं करा:

आधी माहिती. माहिती अधिकाराचा अर्ज, १० रुपये शुल्क, ३० दिवसांत उत्तर. विचारायचं ते: मागच्या वर्षी एकूण प्रसूती किती, सीझर किती, आणि ती रॉब्सन वर्गवारीनुसार किती. (ही वर्गवारी बायकांचे दहा गट पाडते. पहिल्या आणि तिसऱ्या गटात मागचं सीझर नसलेल्या, दिवस भरलेल्या, कळा आपोआप आलेल्या बायका. तिथले सीझर जास्त दिसले तर मिडवाईफच्या खोलीचं सगळ्यात भक्कम कारण हातात.) लेबर रूमचं 'लक्ष्य' (लेबर रूमचा दर्जा सुधारण्याचा केंद्राचा कार्यक्रम) खाली मूल्यमापन झालं का, सोबतिणीबाबत लेखी आदेश आहे का, पडदे किती खाटांना आहेत. देशभराचा आकडा सोबत जोडा: राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणी ५ नुसार सीझर सरकारीत १४.३ टक्के, खाजगीत ४७.४ टक्के.

मग मागण्या तीन थरांत. रुग्ण कल्याण समितीकडे पडदे, पाण्याचा माठ, गरम पाण्याची पिशवी आणि सोबतिणीच्या नियमांचा दाराबाहेर फलक. हे त्यांच्याच अखत्यारीत, वरून परवानगी नको. ग्रामसभेत ठराव: पाड्यावरची दाई सोबतीण म्हणून जाईल, तिचा प्रवास आणि दिवसाचं मानधन. पेसा (आदिवासी भागातल्या ग्रामसभांचा कायदा) लागू असलेल्या गावांना अबंध निधी मिळतो, आरोग्य हा त्याच्या खर्चाचा एक भाग आहे, ठरावात रक्कम आकड्यात लिहा. आणि जिल्हा पातळीवर मिडवाईफ प्रशिक्षणाला किती परिचारिका पाठवणार, परत आल्यावर त्यांची लेबर रूममधून बदली करणार नाही याची लेखी हमी.

ही शेवटची ओळ विसरू नका. शिकून आलेली सिस्टर मेडिसिन वॉर्डला किंवा स्टोअरला लागली की सगळं मुसळ केरात.

---

तापीकाठ

खाजगी दवाखान्यांनाही विचारा, पण नाव नोंदवतानाच, कळा सुरू झाल्यावर नाही. सोबतीण आत चालेल का, कळांमध्ये चालू देता का, छेद कधी घेता, रात्री भूलतज्ज्ञ किती वेळात येतात, रक्त कुठून आणता. जो डॉक्टर चिडेल त्याचं उत्तर मिळालंच.

आणि अर्जात माझी पण ओळ: मिडवाईफने बोलावल्यावर डॉक्टर किती मिनिटांत खोलीत येईल तो आकडा फलकावर. आम्हालाही शिस्त लागेल.

---

गिरणाकाठ

आत्तापर्यंतचा मसुदा: १) रुग्णालयाच्या आत मिडवाईफची खोली, निवडीची रेघ आणि डॉक्टरांची मिनिटं लेखी. २) सोबतीण आत, पडदे आधी. ३) दाईला मानधन, माहेरघरापासून लेबर रूमपर्यंत. सोबत फ्रीज आणि बदलीची ओळ. ११ एप्रिलला राष्ट्रीय सुरक्षित मातृत्व दिन असतो, त्या दिवशी तिन्ही जिल्ह्यांत एकाच वेळी देऊ. धडगावच्या प्रतीला पावरीत एक पान जोडायला कुणी आहे का?

---

सातपुड्यापलीकडे

पान देतो. लिहिलेलं वाचणारे कमी, म्हणून ते बोलून रेकॉर्ड करून पाठवतो, फोनवर फिरेल.

---

शेवभाजी_जादा_तर्री

अर्जमा एक वळ मन्ही बी टाका: सोबतीनले बसाले खुर्ची.

---

गिरणाकाठ

टाकली. क्रमांक ४. पाठ असलेली, हात नसलेली, म्हणजे बाईला उलटं बसून पुढे रेलताही येईल.